दोघांनी सरळ केलेलं रॉकेट

४ जानेवारी

ती. आत्या,

सा. न. बसल्या जागेवरून करते. उठले तर खुर्ची कोणीतरी उचलून नेईल. इथे माणसं फार आणि खुर्च्या कमी.

आमचे फोन दारावरच काढून घेतात आणि तू दिवसभर गाडीत, म्हणून पत्र. बाबा सगळ्यांना सांगत सुटलेत की मी रॉकेट चालवते, आणि तुला ते खोटं वाटतं, असं तू लिहिलंस. खोटंच आहे. रॉकेट कोणी चालवत नाही. त्याला चाकं नाहीत, स्टिअरिंग नाही. खाली इंजिन आहे आणि इंजिनाचं तोंड, त्याला नोझल म्हणतात, ते थोडंसं इकडेतिकडे वळतं. रॉकेटचं नाक डावीकडे कललं की नोझलचं तोंड उजवीकडे वळवायचं. झोत उजवीकडे गेला की शेपटी डावीकडे ढकलली जाते आणि नाक पुन्हा सरळ होतं. एवढ्यासाठी आमचा अख्खा विभाग पगार खातो. आजवर मी मागच्या खोलीत आकडे बघत बसायचे. या उड्डाणाला पहिल्यांदाच नोझलच्या टेबलावर मी बसणार आहे. तिथून चालवता काही येत नाही, पण थांबवता येतं.

आता भानगड ऐक. रॉकेट कुठे कललंय ते एक पेटी सांगते. जागा नव्हती म्हणून ही पेटी उलटी बसवली. उलटी पेटी डाव्याला उजवं सांगणार. हे पेटीवाल्यांच्या लक्षात आलं, त्यांनी प्रोग्रॅममध्ये एक उणे चिन्ह घातलं. झालं सरळ. पण हेच केबलवाल्यांच्याही लक्षात आलं, आणि त्यांनी पिनांची अदलाबदल केली. झालं पुन्हा उलटं.

दोघांचे प्रमुख अतिशय सभ्य. एकमेकांना 'आपण' म्हणतात. समोरच्याची चूक चारचौघांत कशी काढायची म्हणून दोघांनी गुपचूप सांभाळून घेतलं, आणि दोघांनीही चहा पिताना, कोणाला बोलू नका हां, असं म्हणून मला सांगितलं. बैठकीत मी विषय काढला तर दोघंही छताकडे बघायला लागले. कागदावर दोघांचंही बरोबर. प्रत्येकाची चाचणी वेगवेगळी होते, आणि वेगवेगळं सगळं पास आहे.

मी म्हणते, पेटी जागेवरून सोडवा, मी हातात धरून कलवते, नोझल कुठे वळतं ते डोळ्यांनी बघू. साहेब म्हणतात, त्यासाठी बंद केलेला भाग उघडावा लागेल, तारीख पुढे जाईल आणि पाहुण्यांना काय सांगायचं. मी अडून बसले आहे. चाचणीत काही निघालं नाही तर माझं काही खरं नाही.

बाबांच्या गुडघ्याचं कळव. माझ्यावरचा लोभ तारखेसारखा पुढे ढकलू नकोस.

तुझी,
ठमी


११ जानेवारी

चि. ठमाबाईस,

अ. उ. आ. लहानपणी हे तू सलग वाचायचीस आणि आत्याचा दात दुखतोय का म्हणून विचारायचीस.

पत्र पोचलं. तुझ्या बापाला मोठ्याने वाचून दाखवलं. नोझल त्याला लगेच समजलं, असं तो म्हणाला. मग विचारलं, ते वळवायला माणूस कुठे बसतो. मी त्याला गुडघा शेकायला पाठवलं.

तुझ्या दोन सभ्य माणसांचं मला नवल नाही. सध्या माझ्याकडे एक दंतवैद्यीण गाडी शिकायला येते. दुसऱ्याच्या तोंडात दिवसभर धीट, रस्त्यावर आली की डोळे मिटून घेते. परवा गाडी फुटपाथकडे चालली. मी स्टिअरिंग हळूच ओढलं, तिचा अपमान नको म्हणून न सांगता. तिनेही ओढलं, माझा ओरडा नको म्हणून न सांगता. आम्ही रस्ता ओलांडून न्हाव्याच्या दुकानापाशी. काच शाबूत आहे. आत एका गिऱ्हाइकाची एक मिशी गेली, ती त्याने दुसरीही काढून जुळवून घेतली. बाई म्हणाल्या की चूक त्यांची. मी म्हटलं, नाही हो, माझी. तेवढ्यात न्हावी बाहेर येऊन दोघींनाही बोलला, ते इथे लिहिता येणार नाही.

तेव्हा तू न्हाव्यासारखी वाग. बाकी मला त्यातलं कळत नाही. साहेबांना म्हणावं, पाहुण्यांना चहा द्या.

गुडघा बरा आहे, माणूस तसाच. दोघांचे आशीर्वाद आहेत. त्यातला त्याचा जरा लंगडा.

आत्या


१९ जानेवारी

ती. आत्या,

सा. न. आज खाली मान घालूनच आहे, त्यामुळे वेगळी वाकत नाही.

काल चाचणी झाली. पेटी सोडवली, केबल जोडलेलीच ठेवली. जशी बसवतात तशी उलटी धरून मी उभी. शेडच्या दुसऱ्या टोकाला, नोझलच्या मागे, खुद्द साहेब. सगळे विभाग हातातलं काम टाकून आलेले, जत्रा नुसती. मी पेटी डावीकडे कलवली. नोझल उजवीकडे वळलं. उजवीकडे कलवली, डावीकडे वळलं. म्हणजे अगदी जसं हवं तसं. मी पुन्हा पुन्हा कलवत राहिले, शेवटी साहेबांनी तिकडून विचारलं की बाळाला झोप लागली का.

सगळे हसले. मीही हसले, तेवढं तरी नीट जमलं.

तारीख पुढे गेली ती माझ्यामुळे, हे कोणी बोलत नाही. बोलायची गरजच नाही, नवी तारीख दारावर लावली आहे. साहेबांनी मला जवळ बोलावून सांगितलं की काळजी असणं चांगलं, पण टेबलावर बसणाऱ्याचं डोकं थंड लागतं. पुन्हा असं झालं तर ते दुसऱ्या कोणाचा तरी विचार करतील. आता रॉकेट तयार आहे, एवढ्या कागदावर माझी सही व्हायची आहे.

मला वाटलं होतं, निदान थोडं तरी वाकडं वळेल. रॉकेट नीट आहे याचं वाईट वाटणारी मी इथे एकटीच असेन.

बाबांना यातलं जेवढं हसण्यासारखं आहे तेवढंच सांग. लोभ ठेव, सध्या इथून काही मिळण्यासारखा नाही.

ठमी


२५ जानेवारी

चि. ठमाबाईस,

अ. उ. आ., आणि आज एक जास्तीचा.

सही करून टाक. तू सांगितलंस, त्यांनी बघितलं, निघालं नाही, विषय संपला. माझ्याकडे शिकून गेलेली माणसं पहिल्या धडकेनंतर दोन प्रकारची होतात. काही पुन्हा गाडीत बसतात, काही जन्मभर दुसऱ्याच्या गाडीत बसून ब्रेक कुठे मारायला हवा होता ते सांगतात. तू दुसऱ्या प्रकारची झालीस तर मला तुझ्याबरोबर फिरायची सोय राहणार नाही.

आणि समज पडलंच रॉकेट, तर समुद्रात पडेल. तुझी खुर्ची गेली तर तू इथे येऊन पडशील आणि मला दोघा भावाबहिणींचे... नव्हे, बापलेकीचे रुसवे काढत बसावं लागेल. बघ, तुझ्या काळजीने नातीही चुकायला लागले.

तुझ्या बापाला मी हसण्यासारखं तेवढं सांगितलं. तो हसला नाही. म्हणाला, ती म्हणतेय तर काहीतरी असेल. पण तो माझ्या गाडीतल्या प्रत्येक आवाजाबद्दलही हेच म्हणतो.

सही कर, झोप काढ. आमचा जीव तुझ्यात आहे, तो जरा सांभाळून वापर.

आत्या


२७ जानेवारी

ती. आत्या,

सा. न. तुझं पत्र आता हातात पडलं. उशीर झाला गं. सही केली नाही.

झालं असं. काल सकाळी केबलवाले माझ्या टेबलाशी आले, दोन कप चहा घेऊन. म्हणाले, मनाला लावून घेऊ नका, तुमचं बरोबरच होतं. आपल्या पिनांमुळे गोंधळ झालाय हे त्यांना बैठकीतच उमगलं होतं. मग चाचणीआधी त्यांनी पिना गुपचूप पहिल्यासारख्या केल्या. म्हणजे कोणाचीच मान खाली जायला नको. माझी गेली, त्याचं त्यांना वाईट वाटत होतं, म्हणून हा चहा.

मला इतका आनंद झाला की अर्धा कप पिऊन झाल्यावर डोक्यात प्रकाश पडला. हा माणूस इतका सभ्य आहे, तर दुसराही तेवढाच सभ्य आहे.

मी उठून पेटीवाल्यांकडे गेले. उड्डाणाचा अखेरचा प्रोग्रॅम चाचणीनंतर भरला होता. विचारलं, ते उणे चिन्ह अजून आहे ना? त्यांनी छताकडे बघितलं.

त्यांनीही काढलं होतं, आत्या. केबलवाल्यांना न दुखवता. आधी दोघांनी दुरुस्त केलं म्हणून बिघडलं होतं, आता दोघांनी आपापली दुरुस्ती मागे घेतली म्हणून बिघडलं. मधल्या दिवसांत फक्त एकाने मागे घेतली होती, आणि नेमकी तेव्हाच माझी चाचणी.

दुपारी पाहुणे आले. रॉकेटचं दार बंद करताना त्यांचे फोटो काढायचे होते. साहेबांनी माझ्यापुढे कागद आणि पेन ठेवलं. माझा हात पेनापर्यंत गेला, हे तुला सांगते, दुसऱ्या कोणाला सांगणार नाही. सगळे माझ्याकडे बघत होते आणि काही जण आत्ताच हसायच्या तयारीत होते. मी म्हटलं, दार बंद करू नका, पेटी बाहेर काढा. साहेबांनी हलक्या आवाजात विचारलं की मला बरं वाटत नाही का. मी म्हटलं, नाही वाटत. मग दोघांनी काय काय केलं ते सगळं सगळ्यांसमोर सांगून टाकलं, पाहुण्यांसकट. दोघं सभ्य इसम कानापर्यंत लाल.

पेटी काढली. मी डावीकडे कलवली. नोझल डावीकडे वळलं.

यावेळी कोणी हसलं नाही. असं रॉकेट उडालं असतं तर डावीकडे कलल्यावर त्याने स्वतःला आणखी डावीकडे ढकललं असतं, आणि तू म्हणतेस तसं समुद्रात. पाहुण्यांपैकी एकाने विचारलं की हे चांगलं झालं का वाईट.

आता साहेबांनी खोलीत बोलावलंय. जाऊन येते, मग पत्र पुरं करते.

आले जाऊन. ठीक आहे. बाबांना विशेष काही सांगू नकोस, सांगण्यासारखं नाही. लोभ असेल तसा पाठव.

ठमी


२० फेब्रुवारी

चि. ठमाबाईस,

अ. उ. आ. आधी हे सांग, तू होतीस कुठे?

उड्डाण आम्ही टीव्हीवर पाहिलं. दंतवैद्यीण आली होती, न्हावीसुद्धा आला होता. तुझ्या बापाने इस्त्रीचा शर्ट घातला होता, जसं काही तिकडून तो दिसणार होता. टेबलांची रांग दाखवली. नोझल लिहिलेल्या टेबलावर एक गुळगुळीत चेहऱ्याचा मुलगा. तुझा बाप म्हणाला, ठमी पाणी प्यायला गेली असेल. मी त्या मुलाला जे म्हटलं ते ऐकून न्हाव्याने माझ्याकडे आदराने बघितलं.

मग ते सुटलं. छान गेलं वर. आणि वर जाऊन वाकलं! स्पष्ट वाकलं, एका बाजूला. तुझा बाप दुखरा गुडघा विसरून उभा राहिला. मी तर पाय जमिनीवर दाबून बसले होते, ब्रेक असल्यासारखा. पण टीव्हीवरचे लोक टाळ्या वाजवायला लागले. म्हणजे तिकडे वाकड्यालाही टाळ्या पडतात का?

खरं काय ते लिही. खुर्ची गेली असेल तर गेली म्हण. सही कर असं मी लिहिलं होतं ते पत्र फाडून टाक. तुझ्या बापाने तुला हे लिहायला सांगितलंय की त्याला आधीपासून माहीत होतं. आशीर्वाद घे आणि उत्तर दे, हे दोन्ही त्याच क्रमाने नको.

आत्या


२४ फेब्रुवारी

ती. आत्या, ती. बाबा,

सा. न. दोघांना, यावेळी उभं राहून. खुर्ची गेली.

साहेब त्या दिवशी म्हणाले की मी केलं ते बरोबर, पण पाहुण्यांसमोर केलं. ज्या टेबलावरून उड्डाण थांबवता येतं तिथे त्यांना असा माणूस हवा होता, ज्याला थांबवायची इतकी सवय नसेल. गुळगुळीत चेहऱ्याचा मुलगा बरा आहे. त्याला शिव्या नको देऊस. नंतरच्या भाषणात साहेबांनी सगळ्यांचे आभार मानले, स्वयंपाकघराचेसुद्धा. माझे मानायचे राहिले.

उड्डाणाच्या वेळी आत मला काही काम नव्हतं. मी शेडच्या गच्चीवर गेले. तिथे केबलवाले आणि पेटीवाले आधीच उभे होते, त्यांनाही आत कोणी बोलावलं नव्हतं. एकमेकांना, आपण पुढे या, नाही आपण या, चालू होतं. मला पाहून दोघांनीही कठड्याजवळची जागा दिली. केबलवाल्यांनी सांगितलं की पिना आहेत तशाच आहेत. पेटीवाल्यांनी सांगितलं की उणे चिन्ह आहे. मी विचारलं नव्हतं.

आत्या, मी इतकी उड्डाणं केली, पण रॉकेट उडताना कधी पाहिलंच नव्हतं. आकडेच पाहिले. आधी ते निघालं, आवाज मागून आला. कठडा थरथरत होता. आणि हो, वर जाऊन ते वाकलं. ते वाकायलाच हवं असतं, नाहीतर सरळ वर जाऊन सरळ खाली येईल. नोझलने शेपटी जराशी ढकलली, नाक समुद्राकडे गेलं, मग नोझल जरासं उलट वळून परत मधे आलं आणि रॉकेट जिथे थांबायला हवं तिथेच वाकायचं थांबलं.

तेव्हा माझ्या लक्षात आलं की आम्ही तिघंही कठड्यावर रेलून एका बाजूला झुकलोय. बाजू बरोबर होती.

दोघांचा लोभ पोचतो आहे, इकडे वळवलेला तसाच राहू दे.

ठमी