लाल झालेली वाक्यं

मॅडम,

तुम्ही गेलात तेव्हा आमच्या कॉलेजच्या ग्रंथालयात पुस्तकांच्या कार्डांचे लाकडी खण होते, आणि एकुलता एक संगणक प्राचार्यांच्या केबिनमध्ये कापड पांघरून बसलेला असायचा. आता त्याच कॉलेजात मी शिकवते, पण हल्ली फावल्या वेळात काय करते हे तुम्हाला सांगायचं तर मुळापासूनच सांगावं लागेल. इंटरनेटवर मराठीत एक ज्ञानकोश आहे. तो कुणा एका संपादक मंडळाचा नाही. कुणीही यावं, लेख उघडावा, चूक दिसली तर दुरुस्त करावी, माहिती असेल तर भर घालावी. 'कुणीही म्हणजे? ज्याला ऱ्हस्व-दीर्घ कळत नाही तोसुद्धा?' असं तुम्ही चष्म्यावरून बघत विचारलं असतं. हो, तोसुद्धा. पण त्याच्या मागून येऊन ते निस्तरणारेही असतात, आणि गेली काही वर्षं त्या मागून येणाऱ्यांत मी आहे.

या कामाला अवजारं मिळतात, मॅडम. लहान लहान प्रोग्रॅम, लेखाच्या कडेला बटणासारखे बसलेले. एक शुद्धलेखन बघतं. एक संदर्भ मांडून देतं: तुम्ही फक्त पुस्तकाचं नाव सांगायचं, लेखक, प्रकाशक, पान ते आपापल्या जागी बसवतं. एक तर मेलेले दुवे शोधत फिरतं, म्हणजे ज्या पानाचा आधार दिला होता ते पानच इंटरनेटवरून नाहीसं झालं असेल, तर त्याची कुठेतरी जपलेली जुनी प्रत आणून जोडतं. मला सगळ्यांत आवडतो तो लेखाचा इतिहास. कालचा मजकूर डावीकडे, आजचा उजवीकडे, आणि बदललेला शब्द रंगवलेला. काहीही पुसलं जात नाही. कुणी खोडसाळपणा केला तर एका बटणात आधीचं परत. तुम्ही असता तर निवृत्तीनंतर दुसरं काही केलं नसतं, याची मला खात्री आहे.

तर गेल्या वर्षी मी त्या कोशात देवणीच्या गाई-बैलांवरचा लेख उघडला. लेख कसला, दोन ओळी होत्या, त्याही यंत्राने भाषांतर केलेल्या. 'देवणी ही एक दुहेरी हेतूची गुरे आहे.' दुहेरी हेतूची! जणू गोठ्यात कट शिजतोय. दूध आणि शेतकाम या दोन्हींसाठी उपयोगी, एवढंच त्या बिचाऱ्या यंत्राला म्हणायचं होतं. मी हसले, आणि मग हसणं थांबलं, कारण मला तुमचा गोठा दिसायला लागला.

एमएच्या पहिल्या वर्षाच्या सुट्टीत तुम्ही मला तुमच्या गावी, देवणीला घेऊन गेला होतात. घड्याळं दुरुस्त करणाऱ्याच्या पोरीने खेड्यातलं घर आतून कधी पाहिलेलंच नव्हतं. अब्बा आधीच कुरकुरत होते, "मराठी में यम्मे करको क्या करती गे तू?" पण तुम्ही स्वतः दुकानात येऊन विचारलंत, तेव्हा डोळ्याची भिंगाची नळी काढून ते उभे राहिले आणि नुसती मान डोलावली. नांदेडहून एसटी, उदगीरला दुसरी गाडी. तुमच्या आई चुलीपुढे बसलेल्या. माझ्याकडे बघून तुम्हाला म्हणतात, "कुनाची गं ही पोरगी?" तुम्ही पायांवर पाणी घेत होतात. म्हणालात, "माझीच समज, माय." त्या मला म्हणाल्या, "मंग बस की, हुबी का? च्या घेतीस का दूध?" मी चहा म्हणाले तरी पेल्यात दूधच आलं. नाव, गाव, जात, कुणी काहीच विचारलं नाही. दूध संपेपर्यंत मी त्या घराची झाले होते.

मग तुम्ही मला गोठ्यात नेलंत. वर्गात तुम्ही ओवीची चाल दाखवायचात, तसंच एकेका जनावराच्या पाठीवर हात ठेवून दाखवलंत. हा शेवरा, पांढऱ्या अंगावर काळे ठिपके कसेही सांडलेले. हा वानेरा, अंग पांढरं आणि तोंड काळवंडलेलं. आणि हा बालंक्या. मला तो नुसताच पांढरा दिसला. मी तसं म्हणाले. तुम्ही माझा खांदा धरून मला खाली वाकवलंत. पोटाच्या खालच्या अंगाला काळे डाग होते. "लांबून बघणाऱ्याला बालंक्या पांढराच वाटतो," तुम्ही म्हणालात, "त्याचं काळं बघायचं तर माणसाला वाकावं लागतं."

मी तो लेख महिनाभर लिहीत होते. पशुवैद्यकाची पुस्तकं मागवली, सरकारी पत्रकं शोधली, प्रत्येक वाक्याला आधार जोडला. रंगांचं वर्णन मात्र मी न बघता लिहिलं. ते मला पाठच होतं. लेख छान झाला. मग एक दिवस लेखाच्या चर्चापानावर कुणीतरी लिहिलेलं दिसलं. हे चर्चापान म्हणजे लेखामागची खोली, तिथे संपादक आपसांत बोलतात. मी तिथे स्वतःच्या नावाने लिहिते, आडनावासकट, त्यामुळे मी कोण ते कुणालाही कळतं. त्या गृहस्थांनी लिहिलं होतं: 'रंगप्रकारांचा परिच्छेद कुठून तरी उचललेला दिसतो. भाषा यांची वाटत नाही.'

मॅडम, मला तुमची स्टाफरूम आठवली. आंतरमहाविद्यालयीन निबंध स्पर्धेत माझा पहिला नंबर आला होता, आणि पाहुणे माइकवरून म्हणाले होते, "या मुलीचं नाव ऐका आणि हिचं मराठी ऐका, विश्वास बसत नाही!" टाळ्या पडल्या. मी हवेत. दुसऱ्या दिवशी तुम्ही बोलावून घेतलंत. मला वाटलं, पेढा मिळणार.

"खूश झालीस काल?"

"हो, मॅडम."

"कशाला? जेवण रुचलं का, असं पाहुण्याला विचारतात. घरच्या माणसाला कुणी विचारतं का?" तुमचा आवाज चढला होता, पण राग माझ्यावर नव्हता, हे मला फार वर्षांनी समजलं. "ही शाबासकी पाहुण्याची हाय. पुन्हा कुणी दिली तर घेऊ नको."

शाबासकी घ्यायची नाही एवढं तुम्ही शिकवलं होतंत. ती कुणी हिसकावून घेतली तर काय करायचं, ते राहून गेलं.

त्याच आठवड्यात आमच्या ग्रंथालयात मुलांसाठी या अवजारांचं शिबिर होतं. भिंतीवर पडदा, बाहेर ऑटोंचा कलकलाट, समोर पहिल्या-दुसऱ्या वर्षाची मुलं. अर्धापूरची एक मुलगी आपल्या गावाच्या लेखात केळीच्या बागांबद्दल लिहीत होती, आणि दर वाक्याला विचारत होती, "मॅडम, हे तर सगळ्यांनाच ठावं हाय, ह्याला कशाला आधार?" मी तिला एकेक अवजार दाखवत होते. शेवटी मी नक्कल पकडणारं काढलं. त्याला लेख द्यायचा, ते इंटरनेटभर फिरून येतं आणि जुळणारा मजकूर लाल करून शेजारी मांडतं. मुलांना हे फारच आवडलं. मग मी त्यांना ते चर्चापानावरचं वाक्यही दाखवलं. माझ्या आवाजात थोडी ऐट असावी. ती मुलगी फटकन म्हणाली, "मंग तुमचाच लेख टाकून बघा की, मॅडम. त्यांचं तोंड बंद."

टाकला. चाक फिरत राहिलं. आणि पडदा लाल झाला.

सगळा नाही. लेख होता तसाच काळ्या अक्षरांत, फक्त रंगांचा तो परिच्छेद, आणि त्यातही बालंक्याची वाक्यं, पहिल्या शब्दापासून शेवटच्या शब्दापर्यंत लाल. मी आयुष्यात कुणाची एक ओळ उचललेली नाही, आणि इथे माझ्याच विद्यार्थ्यांसमोर भिंतीएवढा पुरावा. मी उजवीकडचं पान उघडलं. एका जुन्या कृषी प्रदर्शनाची स्मरणिका होती, कुणीतरी जपून टाइप करून इंटरनेटवर चढवलेली. 'लांबून बघणाऱ्याला बालंक्या पांढराच वाटतो.' वर लेखिकेचं नाव. तुमचं.

तुम्ही असं काही लिहिलंय हे मला ठाऊकच नव्हतं. मला वाटायचं, ते वाक्य तुम्ही त्या गोठ्यात, माझा खांदा धरून, तेवढ्यापुरतं उच्चारलं होतंत. मी पडद्यासमोर उभी, आणि मला रडूही येतंय आणि हसूही. मुलांना वाटलं, मॅडमना लागलं. अर्धापूरची मुलगी उठून आली. "राहू द्या हो मॅडम, मी उगंच बोलले." मी म्हणाले, "न्हाई गं, बरं केलंस. ह्या माझ्या मॅडम." आणि मग अवजारं बाजूला ठेवून मी त्या मुलांना तुमच्याबद्दल सांगत बसले. शिबिर बुडालं ते बुडालंच.

त्यानंतर करायचं ते केलं. चर्चापानावर कबूल केलं की वाक्यं माझी नाहीत, माझ्या शिक्षिकेची आहेत, ऐकून पाठ झालेली होती, छापलेली आहेत हे माहीत नव्हतं. परिच्छेद माझ्या शब्दांत लिहिला आणि तुमचा लेख आधार म्हणून जोडला. संदर्भ मांडणाऱ्या अवजाराने विचारलं: आडनाव? पहिलं नाव? मॅडम म्हणायला तिथे जागाच नाही. तुमचं नुसतं नाव मी जन्मात कधी उच्चारलं नव्हतं. ते टाइप करताना मी खुर्चीत सरळ बसले, वर्गात तुम्ही आलात की बसायची तशी.

लातूरकडचे एक जुने संपादक आहेत, त्यांनी आपण होऊन आणखी एक अवजार चालवलं. ते लेखातला कुठला शब्द कुणी लिहिला ते दाखवतं. त्यांनी चर्चापानावर एवढंच लिहिलं, 'बाकी जवळजवळ सगळा लेख या बाईंचाच आहे. भाषाही.' आक्षेप घेणाऱ्या गृहस्थांनी उत्तर दिलं की आपल्याला तसं म्हणायचं नव्हतं. तसं म्हणजे कसं, ते मी विचारलं नाही. पण माणूस वाईट नसावा. पुढच्या महिन्यात त्यांनी माझ्या लेखातल्या वेलांट्या नीट केल्या, आणि देवणीच्या बाजारातून बालंक्याचा एक फोटो काढून आणून लावला. पोटाखालचे डाग स्वच्छ दिसतात. फोटो काढणारा वाकलेला असणार.

आता तो लेख कुणीही वाचू शकतं. खाली आधारांत तुमचं नाव निळ्या अक्षरांत आहे, दाबलं की तुमचं पान उघडतं. ते पान उद्या नाहीसं झालंच तर मेलेले दुवे शोधणारं अवजार त्याची जुनी प्रत आणून जोडेल. मी ती आधीच जपून ठेवायला सांगितली आहे.

हे पत्र कुठे पाठवायचं नाही, म्हणून एक गोष्ट लिहिते जी मी चर्चापानावर लिहिली नाही आणि तुमच्यासमोर बसून मला सांगता आली नसती. शिबिराच्या त्या दिवशी चर्चापानासाठी माझं कबुलीचं उत्तर तयार झालं, चार ओळींचं. बटण दाबायला बोट जाईना; एक वेलांटी चुकली तरी 'भाषा यांची वाटत नाही' हेच खरं ठरेल, असं वाटलं. मुलं निघाली होती. मी अर्धापूरच्या त्या मुलीला थांबवलं आणि माझ्या संगणकाचा पडदा तिच्याकडे वळवला. तिला वाटलं, उत्तर कडक झालंय का ते बघायचंय. मी म्हणाले, "व्याकरण बघ गं जरा."

तिने वाचलं, पुन्हा वाचलं, आणि गोंधळून माझ्याकडे बघत म्हणाली, "बरोबर तर हाय की, मॅडम."