कारणाचा रकाना

१६ जानेवारी १९८४, सोमवार
आज वाशीच्या रुग्णालयात रेकॉर्ड रूममध्ये रुजू झाले. खोली तळमजल्यावर आहे, मोठी खिडकी, भिंतींना अजून रंगाचा वास. घरी गेलेल्या पेशंटचे केसपेपर आमच्याकडे येतात. जाड पुस्तकात आजाराचा नंबर शोधून तो पेपरावर लिहायचा. हाड मोडलं असेल तर दोन नंबर: कुठलं हाड, आणि कशामुळे. कारणाच्या नंबराआधी ई असतो. हेडक्लार्क श्यामसुंदर परुळेकर म्हणाले, "स्मिताबाई, कागदावर आहे तेवढंच लिहायचं. आपलं डोकं चालवायचं नाही."
केसपेपर आणणारी गोजरा बोनकोड्याची. डबा तिच्याबरोबर खाल्ला. हे जाऊन आठ महिने झाले. आज तिच्या बोलण्यावर पहिल्यांदा हसले, आणि मग लाज वाटली.

१९ जानेवारी, गुरुवार
आज पायाचेच बारा पेपर. बहुतेक दिघ्याचे कामगार, पायावर काहीतरी जड पडलेलं. बोटं ८२६, टाच ८२५.०. हाड बाहेर आल्याचं लिहिलं नसेल तर जखम बंद धरायची. एका पेपरावर दोन्ही टाचा होत्या. परुळेकर म्हणाले, "हा उंचावरून पडलाय बघा. जिन्यावरून घसरून दोन्ही टाचा मोडत नाहीत. अशाची पाठ आणि पोट आधी तपासतात, नाहीतर माणूस हातचा जातो."
डबा तसाच परत आणला.

२० जानेवारी
लिहून टाकते. हे जिन्यावरून घसरले नव्हते. ठाण्याच्या घरी त्यांनी गच्चीवरून उडी घेतली होती. तिथल्या दवाखान्यात फॉर्म मी भरला. पोलीस येतील, शेजारी बोलतील, म्हणून जिना लिहिला. ह्यांनी तो वाचला आणि मान हलवली. दोन्ही पायांना प्लास्टर घातलं. पाठ दुखते म्हणून ते सारखे कण्हत होते. नर्सला मी सांगितलं, त्यांना सवयच आहे. चौथ्या दिवशी गेले. पोटात रक्त साचलं होतं.

२४ जानेवारी, मंगळवार
गठ्ठ्यात नाव नसलेला एक पेपर. पुरुष, वय ४१, दोन्ही टाचा. कारण: जिन्यावरून घसरून. अक्षर माझं.
८२५.० लिहिलं. जिन्याचा ई ८८० लिहिला. रॅकमध्ये ठेवून दिला.

२५ जानेवारी
तोच पेपर गठ्ठ्यात सगळ्यांत वर. ८२५.० आहे, ई ८८० नाही. कारणाच्या नंबराचा रकाना कोरा, खोडल्याची खूणही नाही. गोजराला विचारलं. म्हणाली, "मी वीस आनले बाय. एकविसावा तूच आनला असशील घरून." आणि हसली.
पुन्हा ई ८८० लिहिला.

२७ जानेवारी
रॅकांच्या मागे कोणी चालतं. भर दुपारी. नुसते चवडे वाजतात, टाच टेकत नाही. मी कान नसल्यासारखी लिहीत राहिले. गोजरा आत आली आणि म्हणाली, "त्यो मानूस मागं उभा हाय ना, दोनी पायांना प्लास्टर. त्याला बसाया तरी सांग."
मी वळून पाहिलं नाही.

३० जानेवारी
पुन्हा कोरा. आता वर आडनाव आलंय. आमचं. उद्या नाव येईल. प्रत्येक पेपरावर परुळेकरांची सही लागते. त्यांना कळेल, मग सगळ्यांना —
ई ८८०च लिहिला. तरीही.

३१ जानेवारी
नाव आलं. नातेवाईक: पत्नी. खाली माझी सही.
ई ९५७ लिहिला. स्वतः मारलेली उडी.
परुळेकर म्हणाले, "कागदावर जिना आहे, स्मिताबाई. तुम्ही उडी कुठून आणलीत?" मी आडनावावर बोट ठेवलं. त्यांनी सही केली. चष्मा पुसत बसले, वर पाहिलं नाही. गोजरा डबा घेऊन बाहेर जेवायला गेली.
वाटलं, संपलं.

१ फेब्रुवारी
घरी येताना जिन्यात मागे चवडे. दार लावलं — तरी आत.
कॉटवर पालथे पडलेत. कण्हतात, अगदी तसंच — आणि मी नर्सला तेव्हा —
पेपर बरोबर केला. सांगितलं त्यांना. कण्हणं थांबत नाही.
स्टोव्ह पेटवला. वाटीत तेल कोमट करतेय. हात लावून बघते, पाठीत नक्की कुठे —