धिरा म्हणजे काय काय

३ फेब्रुवारी, सोमवार

आजही एकच शब्द. धिरा.

सकाळी डोळे उघडले – धिरा. तोंड पुसलं – धिरा. चहाचा कप ओठाला लावला – धिरा! आणि डाव्या हाताने कप दूर. गरम होता म्हणून. हे मला कळायला अर्धा चहा चादरीवर सांडावा लागला.

वाचा-उपचाराच्या बाई आल्या होत्या. ‘हे कुणाचं नाव आहे का हो?’ म्हटलं, नाही, बांधकामातला शब्द आहे. कलायला लागलेल्या भिंतीला बाहेरून जाड बांधकामाचा आधार देतात, खाली रुंद, वर निमुळता – तो धिरा. ह्यांचा जन्मच गेला मोडकळीला आलेल्या इमारती सावरण्यात. हल्ली सगळे बट्रेस म्हणतात. हे मात्र हट्टाने धिराच म्हणायचे. गिऱ्हाईक ‘म्हणजे काय?’ म्हणालं की स्वारी खूश! लगेच पेन्सिल काढून समजावत बसायची. ‘टेकू म्हणजे पाहुणा, चार दिवस राहून जायचा. धिरा म्हणजे घरजावई! एकदा आला की भिंत आहे तोवर हलायचा नाही.’ लग्न झाल्यापासून हा विनोद ऐकतेय. मला कधी हसू आलं नाही.

बाई म्हणाल्या, मेंदूला असा धक्का बसला की कधीकधी एकच शब्द उरतो, बहुतेक त्या क्षणी जिभेवर असलेला. बरोबर आहे. हे फोनवर कुणालातरी सांगत होते, ‘टेकूने भागायचं नाही, धिराच लागेल–’ आणि फोन खाली पडला. मी आतून ‘काय पडलं?’ म्हणून ओरडले होते.

‘शब्दाला अर्थ राहिलेला नसतो,’ बाई म्हणाल्या. ‘तुम्ही चाल ऐका.’

४ फेब्रुवारी

चाल ऐकतेय. खाली उतरत जाणारा, लांबलेला – पाणी. तोडून टाकल्यासारखा – नको. हळू आवाजात दोनदा – लघवीचं भांडं आण. शेवटी वर चढणारा – कोण आलंय? दूधवाल्याला, मीटरवाल्याला, सगळ्यांना हा वरचा धिरा मिळतो.

मागच्या मोकळ्या जागेत कुणाचीतरी इमारत उठणार आहे. आजपासून यंत्राने खणताहेत. तावदानं थडथड वाजतात. कपाटातल्या बशासुद्धा.

६ फेब्रुवारी

शब्दकोश काढून पाहिला. धिरा – टेकू, आधार. संपलं! हे असते तर कोशवाल्यांना पत्र पाठवलं असतं. टेकू आणि धिरा एकच म्हणता?

‘हे असते तर’ लिहिलं. आहेत की. समोर आहेत. खोडत नाही, राहू दे.

९ फेब्रुवारी, रविवार

वन्सं येऊन गेल्या. भावाने ‘धिरा’ म्हटलं की पदर डोळ्याला. निघताना मला दारात धरून म्हणाल्या, ‘वहिनी, तो तुम्हालाच हाक मारतो हो. तुम्हीच त्याचा धिरा!’

म्हटलं, वन्सं, भांड्यालाही तेच म्हणतात.

त्यांना राग आला. येऊ दे. लोकांना माझ्याकडून काहीतरी हवं असतं – रडणं, नाहीतर हसून सोसणं. माझ्याकडे दोन्ही नाही. सकाळी दात घासते, ह्यांचे घासते. कपडे बदलते, ह्यांचे बदलते. आत काही हलत नाही. दंतवैद्याने सुई दिल्यावर गाल असतो ना, आपलाच पण दुसऱ्याचा, तशी मी सगळीच.

११ फेब्रुवारी, मंगळवार

एक नवी चाल निघाली आहे. जोरात, तोडलेली, वर डावा हात उचलून. ही कशाची ते कळत नाही.

मी दुपारी आडवी झाले की सुरू! ह्यांचा पलंग खिडकीशी, माझी कॉट समोरच्या भिंतीला लावलेली. पाठ टेकायचा अवकाश – धिरा! धिरा! उठून पाणी दिलं. नको. भांडं. नको. पंखा कमी केला, जास्त केला, बंद केला. पडदा ओढला. रेडिओ लावला. काही नाही. मी उभी राहिले की थांबतात, निजले की चालू.

म्हणजे मी निजू नये. बरं.

१३ फेब्रुवारी

हात भिंतीकडेच करतात. घड्याळ दिसत नसेल म्हणून घड्याळ पुसलं, पलंगाजवळ आणून लावलं. नाही. भिंत उघडी दिसते म्हणून असेल का? स्टुलावर चढून वर मोठा खिळा ठोकला, आमचा लग्नातला फोटो लावायला. काय आकांत केला! घशाच्या शिरा फुगल्या. पहिल्याच घावाला बोटभर गिलावा पडला, तो केरात भरला. फोटो परत कपाटात. खिळा राहिला तसाच.

लग्नाचा फोटो बघून माणूस इतका ओरडतो! हे वन्संना सांगायला हवं.

(जमला बरं का विनोद. पण मलाही हसू आलं नाही.)

१५ फेब्रुवारी

काही नाही. तेच.

१८ फेब्रुवारी, मंगळवार

धाकटी आली. बहिणीला बघून बरं वाटायला हवं होतं. तिने माझ्या केसांना तेल लावून दिलं. मग पलंगाशेजारीच खुर्च्या टाकून बसलो. मी बोलायला लागले तशी तिने डोळ्यांनी ह्यांच्याकडे खूण केली, ऐकतील. म्हटलं, बोल गं तू, काही कळत नाही त्यांना.

मग मीच बोलले. म्हटलं, त्याच दिवशी काय ते होऊन गेलं असतं तर बरं झालं असतं. तेही सुटले असते, मीही सुटले असते. अगदी साध्या आवाजात म्हटलं, आज भाजी काय केली ते सांगावं तसं.

धाकटी रडायला लागली. ‘ताई, असं नको गं बोलू.’ मी तिला पाणी आणून दिलं.

हे वर बघत पडले होते. दिवसभरात एकदाही धिरा नाही. शांत दिवस गेला.

१९ फेब्रुवारी, बुधवार

आज कहर! जेवण उरकून कॉटवर अंग टाकलं आणि जे ओरडायला लागले – इतक्या मोठ्याने आजवर कधी नाही. धिरा धिरा धिरा – श्वाससुद्धा घेईनात. पलंगाच्या कठड्यावर डावी मूठ आपटत होते. तोंडातून लाळ, डोळ्यांतून पाणी. मागे यंत्राची धडधड, समोर हे. मी कानावर उशी घेतली. शेजारच्या काकू विचारायला आल्या, ‘सगळं ठीक ना?’

ठीक, म्हटलं.

दोघांच्या मधे दोरी बांधून चादर टाकली, म्हणजे मी दिसणारच नाही. चादरीमागून आवाज येतच राहिला.

२१ फेब्रुवारी

डॉक्टर येऊन गेले. शांत राहायचं औषध दिलं. मी विचारलं, ह्यांना कळतं तरी किती? ‘नक्की सांगणं कठीण. फार अपेक्षा ठेवू नका.’

मी कुठे ठेवतेय? ह्यांच्या डोळ्यांत बघावं तर दाराला कुलूप लावून माणसं गावाला गेलेली.

२३ फेब्रुवारी, रविवार

मुलाचा फोन. एका शुश्रूषागृहात जागा रिकामी होते आहे, एक तारखेपासून. खोलीत दोघंच. हवेशीर आहे म्हणे. ‘आई, तिथे चोवीस तास माणसं असतात. आणि तू स्वतःकडे बघ जरा. बाबा ओरडतात, तू झोपत नाहीस, किती दिवस चालणार हे?’ मग हळूच, ‘त्यांना काय गं, इथे काय नि तिथे काय!’

रागावण्यासारखं त्यात काही नव्हतं. मुलगा चांगला आहे.

म्हटलं, बुधवारपर्यंत सांगते.

एकच गोष्ट मनात घोळतेय. तिथे हे लांबलेला, खाली उतरणारा धिरा म्हणाले, तर पाणी कोण देणार? बरोबर कागद द्यावा का लिहून? वरचा म्हणजे कोण आलंय, तुटका म्हणजे नको? हसतील मला. आणि त्या मोठ्या, हात वर केलेल्या धिऱ्यापुढे काय लिहू? माहीत नाही?

पण ह्यांना काही कळत असेल, तर नाही पाठवायचं. हे माझं मी ठरवलं आहे. कळत नसेल, तर मुलाचं बरोबर आहे. मग मी कशासाठी मरतेय?

२४ फेब्रुवारी

औषधाने गुंगीत असतात. शब्द जड झालाय. हात मात्र उचलतात, भिंतीकडे.

२५ फेब्रुवारी, मंगळवार

नीट लिहिते. 

दुपारी ह्यांना चाकाच्या खुर्चीत बसवून दाराशी ठेवलं, पलंगाची चादर बदलायला. जुनी काढली, नवी अंथरली. आणि उठवेचना. कॉट चार पावलांवर, पण तेवढंही जाववेना. तिथेच ह्यांच्या उशीवर डोकं टेकलं. जी चादर मी मधे टांगली होती, ती धुवायला काढलेली.

समोर माझी कॉट. वर भिंत. त्याच्या वर तुळई – छताचं मोठं लाकूड, ह्या भिंतीत टोक घुसवून बसवलेलं. मागे एकदा ह्यांनीच तेलरंग दिला होता तुळयांना, करडा. आणि भिंत लागते तिथे, त्या करड्या रंगाच्या शेवटी, बोटभर रुंद कोऱ्या लाकडाची पट्टी. रंग न लागलेली.

पडल्यापडल्या बघत राहिले. रंगवताना ही पट्टी कुठे होती? भिंतीच्या आत. मग आता बाहेर कशी आली?

तुळई तर जागची हलत नाही. भिंत मागे गेली. खणताहेत त्या बाजूला.

ह्यांच्या अवजारांच्या पिशवीतून ओळंबा काढला, सुताला टांगायचं ते वजन. सुरुवातीच्या दिवसांत माणसं परवडायची नाहीत, तेव्हा सुताचं दुसरं टोक मीच धरायची. तितकं कळतं मला. स्टुलावर चढून त्या फोटोच्या खिळ्याला सूत बांधलं आणि ओळंबा खाली सोडला. वर सूत भिंतीपासून बोटभर लांब. खाली ओळंबा जाऊन भिंतीलाच टेकला. म्हणजे भिंतीचा माथा तेवढा बाहेर कललेला.

मागे वळून पाहिलं. दाराशी खुर्चीत हे. डोळे सुताबरोबर वरून खाली आले, आणि माझ्यावर थांबले.

मी विचारलं, ‘धिरा?’

मी विचारलं! इतके दिवस सगळे अर्थ लावून पाहिले – पाणी, पंखा, भांडं, घड्याळ, लग्नाचा फोटो. शब्दाचा जो अर्थ, तेवढाच लावला नाही. अर्थ राहिलेला नसतो, असं सांगितलं होतं ना!

ह्यांनी मान मागे टाकली, डोळे मिटले आणि लांब श्वास सोडला. काम उरकून घरी आल्यावर सोडायचे तसाच. मग दिवसभर हा शब्द नाही. ‘पाणी?’ विचारलं तर मान हलवून हो म्हणाले.

आजपासून दोघांचं बिऱ्हाड पुढच्या खोलीत.

२६ फेब्रुवारी, बुधवार

ह्यांच्याकडे पूर्वी कामाला असलेल्या गवंड्याला बोलावलं. तो आत येताच आधी ह्यांच्या पाया पडला. मग बाहेरून, आतून बघून आला. मागच्यांचं खणणं थांबवायला लावलं. तुळईखाली लाकडी टेकू दिला, तेवढ्यापुरता. पण टेकूने भागायचं नाही म्हणाला. हे मला पाठ आहे, म्हटलं.

टेकू ठोकताना कॉट ओढायला लागली त्याला. ‘तुळई सुटली असती ना, तर बरोब्बर ह्याच्यावर आली असती. इथे झोपतं कोण, वहिनी? साहेब?’

म्हटलं, नाही. मी.

मुलाला फोन केला. जागा नको म्हणून कळव. ‘अगं, पण का? काय झालं?’ म्हटलं, बाबांना कळतं.  फोन ठेवला आणि मोरीत जाऊन रडले, नळ सोडून. गाल दुखायला लागले इतकं. दंतवैद्याची सुई उतरली की दुखतं तसं.

२७ फेब्रुवारी, गुरुवार

सगळं कळत होतं ह्यांना. म्हणजे त्या मंगळवारी धाकटीला मी काय म्हणाले, तेही.

आणि दुसऱ्याच दिवशी, बुधवारी, मी कॉटवर आडवी झाले, तेव्हा सगळ्यांत मोठ्याने ओरडले.