हौदातलं वादळ

आबा,

हे पोस्टात टाकायचं नाही, म्हणून लिहायला धीर आला. तुम्ही समोर असताना मी असा घडाघडा कधी बोललो होतो?

तुम्ही मांडवीचे तांडेल, जन्म गलबतं हाकण्यात गेलेला. आणि मुलगा मुंबईच्या सिनेमा कंपनीत गाण्यांना चाली लावतो, शिवाय ट्रिकसीनही करतो! "पेटी बडवायची नि होड्या खेळायच्या, ह्याला कोण काम म्हणतो?" असं तुम्ही येणाऱ्या-जाणाऱ्याला ऐकवायचात. माझं डोकं फिरायचं. कारण मी दोन्हींत तरबेज होतो, अजूनही आहे. उगाच नम्रपणा कशाला? हातभर गलबत हौदात सोडायचं, दोन गड्यांनी फळ्यांनी पाणी ढवळायचं, कॅमेऱ्यातली फिल्म भरधाव पळवायची, की पडद्यावर लाट जड होऊन सावकाश कोसळते. तिच्यावर ठेका नेमका कुठे पडायला हवा ते मलाच ठाऊक, कारण लाटही माझी आणि ठेकाही माझा.

असंच वादळ असलेला माझा एक बोलपट रत्नागिरीत तंबूत लागला, तेव्हा मी रजा काढून आलो आणि तुम्हाला जवळजवळ ओढतच नेलं. बाकावर हाताची घडी घालून बसलात, तोंड आंबट. वादळ सुरू झालं. माझे व्हायोलिनवाले जीव तोडून वाजवतायत, आणि तुम्ही ताडकन उभे! "आवशीचा घो! शीड उतरवा रे, शीड! बुडवतोय मेला!" अख्खा तंबू खो खो हसला. मी सदरा ओढून तुम्हाला खाली बसवलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी पेज पिताना सुरू झालात. "कोण तो तांडेल तुझा? एवढ्या वाऱ्यात शीड भरून ठेवतो?"

"आबा, ते हातभर गलबत होतं. हौदातलं."

तुम्ही मग वाडगा बाजूला सारलात, खांद्यावरचा पंचा दाराच्या कडीला बांधलात आणि शीड कसं उतरवतात ते मला पुन्हा पुन्हा करून दाखवलंत. "करतोस तर नीट कर." बस्स, एवढंच. पण त्यानंतर 'होड्या खेळतो' असं तुम्ही कुणाला सांगितलं नाहीत. मला आभाळ ठेंगणं झालं होतं.

पुढच्या बोलपटात शीड वेळेवर उतरलं. ते बघायला तुम्ही नव्हतात.

आता माझं नाव झालंय, कंपनीत मला विचारल्याशिवाय पान हलत नाही. पण वादळाचा सीन आला की मी पडद्याकडे बघत नाही, बाकांकडे बघतो. टाळ्या पडतात, शिट्ट्या येतात. उठून मात्र कुणी उभं राहत नाही, आणि मला दर वेळी वाईट वाटतं.