जेट्टीवरच्या चित्रातली लेटी

४ मार्च १९१२, ब्रायटन.
ढगाळ. सिनेमाच्या काचेच्या स्टुडिओत उजेड आला नाही, म्हणून काम नाही. मी पोलिसाच्या वेषात बसून होतो. चार वाजता मिशी परत केली. माझी बायको लेटी वारली, त्याला आज तीन आठवडे झाले. घरमालकीण मिसेस स्केल्टन म्हणाल्या, बाईंचा फोटो असेल तर माझ्याकडे एक चौकट पडून आहे. फोटो नाही. मी नावारूपाला आलो की दोघांचा काढायचा ठरला होता.

६ मार्च.
ऊन. दिग्दर्शक मिस्टर पिलबीम यांनी मला कॅमेऱ्याकडे पाठ करून उभं केलं. म्हणाले, टॅपसेल, तुमच्या चेहऱ्यापेक्षा तुमची पाठ बरी. सगळे हसले. मिस्टर पिलबीम सहसा कुणाची स्तुती करत नाहीत. ठराव : पाठीवर रोज अर्धा तास मेहनत.

७ मार्च.
आरशात पाठ दिसत नाही. दुसरा आरसा लागेल.

११ मार्च.
गेल्या उन्हाळ्यात जेट्टीवर काढलेलं चलच्चित्र येत्या शनिवारी इथल्या हॉलमध्ये लागणार. बोट निघते, तो प्रसंग. बाया कमी पडल्या म्हणून मी लेटीला नेलं होतं. ती बोटीच्या कठड्याशी, मी निरोप देणाऱ्यांत. कॅमेऱ्याजवळचा नटच लक्षात राहतो, म्हणून निरोपाच्या प्रत्येक आरोळीला मी अर्धं पाऊल मागे, कॅमेऱ्याकडे सरकत होतो. लेटी पांढऱ्या हातमोज्यातला हात हलवत होती. मीही जोरात हलवला. घरी आल्यावर म्हणाली, अरे वेड्या, मी तुला बाजूला हो म्हणत होते. खूप हसली.
मिसेस स्केल्टनना सांगितलं, शनिवारी माझं काम बघायला जातो आहे. त्या म्हणाल्या, जा हो, पण आधी दोन घास खा.

१५ मार्च.
कॉलर धुतली. ठराव : चित्रात फक्त लेटीकडे बघायचं. माझं काम दुसऱ्या खेळाला बघता येईल.

१६ मार्च, शनिवार.
हॉल अर्धा रिकामा. बोटीचा प्रसंग आला. माझी पाठ जवळजवळ पडदाभर आहे. कोट नीट बसलेला. उजव्या खांद्यापलीकडून पांढऱ्या हातमोज्यातला एक हात वर येतो आणि बाजूला हो, बाजूला हो, अशी खूण करतो. मी आणखी मागे येतो. मग हातही दिसत नाही.
मी खुर्चीत एका बाजूला वाकलो. मागचे गृहस्थ म्हणाले, अहो, नीट बसा, आम्हालाही बघायचंय.
दुसऱ्या खेळालाही बसलो. तसंच.
घरी आलो. मिसेस स्केल्टननी विचारलं, कसं झालं काम. ठळक दिसतो, म्हणालो.
वर आलो. कोट काढला. पाठीवर खुर्चीची धूळ लागली होती. ब्रशने झाडली आणि कोट खुंटीला लावला.