माझ्या ताटातला निळा धोंडा

जिंतूर

श्रीयुत दत्तराव मेव्हणे यांस महारुद्राचा रामराम. इकडं पोरंबाळं खुशाल हायती, तुमी नागपुरात खुशाल असाल अशी आशा. तुमच्या पित्ताचं कसं हाय? माझं लय वाढलंय, आन् त्याचं कारण तुमच्याच घरात हाय, म्हणून हे पत्र.

अधिक महिना म्हणून मामींनी (म्हंजे तुमच्या मातोश्रींनी) आमा दोघा जावयांना राणीसावरगावला धोंडे जेवायला बोलावलं. मी थोरला, भागवतराव धाकटे. तुमच्या धाकट्या बहिणीचे, वैष्णवीचे हे मालक गळ्यात उष्णता दाखवणारा कॅमेरा अडकवून आले! सोलरच्या प्लेटा तपासायची नोकरी हाय मान्य, पण सासुरवाडीत कुठली प्लेट बिघडली होती? पंगत बसली तसा त्यांनी तो खिडकीत ठेवून सगळ्यांचा फोटो काढला. पडद्यावर मामा लाल, कूलर जांभळा, दारातली म्हैस पिवळी. झालं! सारं घर त्यांच्याभोवती गोळा. वीस वर्षं ह्या खानदानाची लग्नं-बारशी मी काढायलोय (तुमचं टक्कल फोटोत अजून पडू दिलं न्हाई, हे ध्यानात असू द्या), पण माझ्या कॅमेऱ्याकडं कधी कुणी वाकून बघितलं न्हाई. माझ्या पोटात दुखलं. तुमच्यापासून काय लपवायचं?

पण ते फोटो कुणाच्याच मोबाईलवर उघडंनात. त्या कॅमेऱ्याची फाइल येगळीच असती, तिचा साधा फोटो करून घ्यावा लागतो. भागवतराव हसून म्हणले, दादा, तुमचा स्टुडिओ हाय, तुमीच करून द्या. म्हंजे नाव त्यांचं आन् हमाली माझी! दुकानात येऊन मी फाइलच्या नावामागची अक्षरं खोडून जेपीजी लिहिलं आन् वाट बघत बसलो (पाटी बदलली म्हणून किराणा दुकानात कापड मिळतंय व्हय?). मग कॅमेऱ्याच्या कंपनीचं सॉफ्टवेअर घातलं. त्यात किती उष्णतेला कुठला रंग ते आपणच ठरवायचं, मगच साधा फोटो निघतो. भागवतरावांचं तोंड हिरवं निघावं म्हणून मी एकेक अंश सरकवायलो होतो, तर नजर ताटांवर गेली. त्यांचा धोंडा पिवळाधमक, माझा निळा! त्यांना कढईतला, मला मघाचा! इतके दिवस नुसता वहीम होता मेव्हणे, आता यंत्रानंच दाखवलं. सासुरवाडीत इज्जत नसंल तर थोरला जावई होऊन मी काय मिळवलं?

फोटो मोठा करून, फ्रेम घालून पाठवायलोय. गावाकडं गेलात की मामींसमोर ठेवा आन् पुढच्या धोंड्याला पहिला गरम घाणा कुणाच्या ताटात पडणार, ते तोंडावर विचारा. वहिनींना नमस्कार.

तुमचा (अजून तरी) थोरला दाजी,
महारुद्र

ता. क. : खरं काम राहिलंच. तसला कॅमेरा तिकडं जुना मिळंल का? भागवतरावांच्यापेक्षा भारी बघा. विचारताना तुमच्यासाठी म्हणून विचारा.

दुसरा ता. क. : फ्रेम येणार न्हाई. बांधायच्या आधी आमच्या मंडळींनी, राजेश्रीनं बघितली. माझ्या धोंड्याकडं तुमच्या बहिणीनं ढुंकून बघितलं न्हाई. कोपऱ्यातल्या दोन काळ्याकुट्ट ठिपक्यांवर बोट ठेवून म्हणली, "ही माझी आन् वैष्णवीची ताटं. तुमचा मानपान आटपेस्तोवर ओल्या फडक्याखाली झाकून ठिवलेली." मी म्हणलं, उन्हाळ्यात गारच बरं. ते म्हणायला नको होतं. ती ताटं फोटोतून पुसायला मला मिनिटही लागत न्हाई, पण तिनं फ्रेम आमच्याच बैठकीत ठोकायला घेतलीय, आन् खिळा मलाच धरायला लावलाय.