गुढियारीतली हाक

रविवार, संध्याकाळ

आज शहर दाखवणाऱ्या एका गाईडसोबत सायकलनं गुढियारी फिरले. रायपुरातच जन्मले, पण या भागात पहिल्यांदा गेले. एका गल्लीत दारात बसलेल्या म्हाताऱ्या बाईनं मला "सुमन" म्हणून हाक मारली. सुमन माझ्या आईचं नाव. मी थांबले तर तिनं हातच धरला. "काहून आली नाही वं इतके दिवस?" मी आईसारखी दिसते, पण गुढियारीत आपलं कोणीच नाही, असं आई नेहमी सांगते. मग ही कोण? हात सोडतच नव्हती.

घरी येऊन आईला सांगितलं. "तिले भास झाला असन," आई म्हणाली. मग भाजी निवडता निवडता, माझ्याकडे न बघता तिनं विचारलं, "तब्येत कशी आहे तिची?"

"बरी आहे," म्हणाले. मग मीही तिच्यासमोर भाजी निवडायला बसले.